'पाकिटं वाटली' म्हणून निवडणूक रद्द होत नसते

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कुठलाही निकाल लागला की दोन दिवसांत 'पराभूत उमेदवार कोर्टात जाणार' अशी बातमी येतेच, आणि आमच्या धायरीच्या टपरीवरही लगेच सुरू होतं की आता बघा कशी आमदारकी जाते ती. पुढे त्या केसचं काय झालं हे ना टपरीवर कोणी विचारतं ना आपल्या पेपरात येतं. मी शिवाजीनगर कोर्टाजवळ टायपिंगची कामं करतो, वकील नाहीये, पण कागद रोज डोळ्यांखालून जातात म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

आमदार-खासदारांच्या निवडणुकीला आव्हान थेट हायकोर्टात द्यावं लागतं, म्हणजे आपल्याला मुंबईच, कारण कोल्हापूरला सर्किट बेंच झालं त्यातही पुणे नाही (ते दुखणं वेगळंच). मुदत ४५ दिवस. शेहेचाळिसाव्या दिवशी गेलात तर कारण कितीही खरं असो, उशीर माफ होत नाही. आणि १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यात कलम १२३ मध्ये जे 'भ्रष्ट आचरण' सांगितलंय, पैसे वाटणं, धर्म-जातीच्या नावावर मत मागणं, मतदारांना गाड्या पुरवणं वगैरे, ते सिद्ध करायला फौजदारी केससारखा कडक पुरावा लागतो, 'सगळ्या वॉर्डाला माहितीये' हे तिथे चालत नाही. कोणी, कोणाला, कुठल्या तारखेला, कुठे हे सगळं याचिकेतच लिहायचं आणि वर ठरलेल्या नमुन्यातलं ॲफिडेव्हिट. तपशील मोघम असेल तर साक्षीपुरावा सुरू व्हायच्या आधीच याचिका उडू शकते.

त्यातही खरी मेख म्हणजे पैसे वाटताना सापडतो तो कोणीतरी पोरगा, उमेदवार नाही. मग त्या पोरानं ते उमेदवाराच्या किंवा त्याच्या निवडणूक प्रतिनिधीच्या संमतीनं केलं हे दाखवायचं, आणि संमती काय कोणी लेटरहेडवर देतं का. ती नाही दाखवता आली तर या प्रकारामुळे निकालच फिरला हे सिद्ध करा, ते तर त्याहून अवघड.

आता आपल्या पुण्याचं बघा. निवडणुकीच्या आधी वर्षभर काशी-उज्जैनच्या देवदर्शनाच्या बसेस सुटतात, दिवाळीला उटणं-फराळाचे बॉक्स घरपोच, पैठणीचे खेळ, सगळ्यावर फोटो आणि 'भावी आमदार'. लोकांना वाटतं हा तर ढळढळीत पुरावा. पण कायद्यात उमेदवार म्हणजे ज्याचा उमेदवारी अर्ज रीतसर दाखल झालाय तो, त्याच्या आधीचा माणूस या कलमापुरता उमेदवारच नसतो. आधी 'आपण उमेदवार आहोत असं मिरवणारा' पण त्या व्याख्येत बसायचा, १९७५ मध्ये कायदा बदलून तेवढंच काढून टाकलं. म्हणजे फॉर्म भरायच्या आदल्या दिवशीपर्यंतच्या बसेस या कलमातून सुटल्या. मला विचाराल तर निम्मा खेळ इथेच संपतो आणि यावर कोणी बोलत नाही.

साक्षीदाराचं तर विचारूच नका. ज्यानं पाकीट घेतलं त्यानंच सांगायचं, आणि घेणंही गुन्हाच, मग कोण उभं राहणार पिंजऱ्यात. खरंतर याच कायद्याच्या कलम ९५ मध्ये सोय आहे, जो साक्षीदार सगळी उत्तरं खरी देईल त्याला कोर्टाकडून संरक्षणाचं सर्टिफिकेट मिळतं. हे किती मतदारांना माहितीये?

मग राहतो व्हिडिओ. व्हॉट्सॲपवर फिरून आलेली क्लिप कोर्टात तशीच चालत नाही, आता नव्या साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे ती क्लिप कुठल्या यंत्रातून कशी घेतली याचं वेगळं सर्टिफिकेट लागतं, पूर्वी ते ६५ब होतं. जालन्याची केस आठवा, २०१४ ची निवडणूक, अर्जुन खोतकर २९६ मतांनी आलेले. तिथे प्रश्न भ्रष्ट आचरणाचा नव्हताच, उमेदवारी अर्ज दुपारी तीनची मुदत उलटल्यावर घेतला का एवढाच, आणि रेकॉर्डिंग खुद्द निवडणूक कार्यालयातल्या कॅमेऱ्यांचं, तरी अधिकारी मागूनही सर्टिफिकेट देईनात! २०१७ मध्ये हायकोर्टानं निवड रद्द केली, सुप्रीम कोर्टानं शिक्कामोर्तब केलं ते जुलै २०२० ला, तोवर त्या विधानसभेची मुदतच संपलेली. विलेपार्ल्याची १९८७ ची पोटनिवडणूक, धर्माच्या नावावर मतं मागितली म्हणून रमेश प्रभूंची निवड रद्द झाली, त्याचाही अंतिम निकाल डिसेंबर १९९५ मध्ये. कायद्यात मात्र लिहिलंय की शक्यतो सहा महिन्यांत निपटवा.

दुसरीकडे निवडणूक आयोगानं २०२५ मध्ये सांगून टाकलंय की ४५ दिवसांत याचिका आली नाही तर मतदान केंद्रांचं फुटेज नष्ट करा, आणि डिसेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारनं निवडणूक नियमांतला नियम ९३ बदलून सामान्य माणसाला ते बघायला मिळायची वाटही बंद केलीय. म्हणजे फुटेज कोर्टामार्फत मागवायचं तर आधी याचिका हवी आणि याचिकेला तपशील हवा, जो त्या फुटेजमध्येच असतो.

आता आपल्या पेपरबद्दल. 'शहरात ठिकठिकाणी पैशांचा पाऊस' अशी हेडलाइन वाचायला बरी वाटते पण कोर्टात पेपरचं कात्रण म्हणजे ऐकीव माहिती, ज्यानं डोळ्यांनी पाहिलं त्यानं येऊन सांगितल्याशिवाय त्याला किंमत नाही. म्हणून विनंती अशी की अशा बातमीत जागा, तारीख, वेळ नीट छापा, आपल्या फोटोग्राफरच्या मूळ फाइल्स निदान याचिकेची मुदत संपेपर्यंत तरी डिलीट करू नका, आणि कोणी, मग तो कुठल्याही पक्षाचा असो, सर्टिफिकेट मागायला आला तर त्याला टोलवू नका. आपल्या वार्ताहरांना साक्षीला जायची मुभा आहे का, हेही एकदा छापून टाका.

आपला एक वाचक,
धायरी, पुणे

ता.क. महापालिकेच्या निवडणुकीला वरचा कायदा लागू नाही, तिथे महापालिका अधिनियमाचं कलम १६ आणि मुदत फक्त दहा दिवस. नगरसेवकाच्या बाबतीत कोणाला काही करायचं असेल त्यांनी आधी हे बघावं.