जेसन ब्राऊनने नेमके काय सोडले?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘कोट्यवधी डॉलर लाथाडून शेतकरी झालेला अमेरिकन फुटबॉलपटू’ अशी जेसन ब्राऊनची गोष्ट मोबाइलवर अधूनमधून फिरत असते आणि कधीमधी छापूनही येते. माणूस खरा, काम खरे. ‘लाथाडून’ मात्र खरे नाही.

ब्राऊन ‘सेंटर’ या जागी खेळायचा. चेंडू पायांमधून मागे क्वार्टरबॅककडे, म्हणजे चढाई चालवणाऱ्या खेळाडूकडे, द्यायचा आणि तो हातातून सुटतो न सुटतो तोच समोरून येणारा सव्वाशे-दीडशे किलोचा गडी अंगावर घ्यायचा. सुपर बाउलच्या, म्हणजे हंगामाच्या अंतिम सामन्याच्या, बातमीत क्वार्टरबॅकचा फोटो असतो. सेंटरचे नाव चूक झाली तरच ऐकू येते. नॉर्थ कॅरोलिनाच्या या मुलाला २००५ मध्ये बाल्टिमोर रेवन्स या संघाने नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत चौथ्या फेरीत घेतले. २००९ मध्ये सेंट लुइस रॅम्स या संघाने पाच वर्षांसाठी ३ कोटी ७५ लाख डॉलरचा करार दिला. त्या वेळी एवढा मोबदला दुसऱ्या कोणत्याही सेंटरला नव्हता.

पण त्या खेळातले करार कागदावर दिसतात तेवढे पक्के नसतात. त्यातले २ कोटी हमीचे होते. बाकीचे संघाने ठेवले तर. मार्च २०१२ मध्ये, करार संपायला दोन हंगाम बाकी असताना, रॅम्सनेच त्याला मोकळे केले. त्यानंतर दुसऱ्या संघांकडून बोलावणी आली, ती त्याने नाकारली. त्याने सोडले ते हे, आणि तेही थोडेथोडके नव्हे. वय २९, अंगात खेळ शिल्लक. त्याचा थोरला भाऊ २००३ मध्ये इराकमध्ये उखळी तोफांच्या माऱ्यात गेला, तोही २७ व्या वर्षी. आपण त्या वयाचे झालो तेव्हापासून मनात चलबिचल सुरू झाली, असे ब्राऊनने सांगितले आहे.

मग त्याने नॉर्थ कॅरोलिनातल्याच लुइसबर्गजवळ सुमारे हजार एकरांचा जुना डेअरी फार्म घेतला. आजोबा शेतकरी होते, पण याने शेती शिकली ती यूट्यूबवर. (आमच्या गावात याला आधी हसले असते, मग बांधावर येऊन पाहिले असते.) २०१४ मध्ये पाच एकरांतून एक लाख पौंड, म्हणजे ४५ टन रताळी निघाली आणि त्याने ती गरजूंना वाटली. एकरी नऊ टन हा उतारा नवख्या माणसाला कमी म्हणता येणार नाही. रताळ्यात नॉर्थ कॅरोलिना अमेरिकेत पहिले आहे, तेव्हा माती आणि हवा सोबतीला होतीच.

माझा आक्षेप एवढाच, की ही गोष्ट ‘पैशापेक्षा माती मोठी’ म्हणून सांगितली जाते. ती माती पैशानेच घेतली होती. पहिले पीक बाजारभाव न बघता वाटता आले, कारण घर त्या पिकावर चालत नव्हते. यात त्याला कमीपणा नाही. उलट मिळालेला पैसा इतका नेमका वापरणारे खेळाडू मोजकेच. मात्र कर्ज काढून लागवड करणाऱ्याला हा कित्ता गिरवायला सांगू नये.

ही गोष्ट पुन्हा छापाल तेव्हा २००९ च्या आकड्याशेजारी मार्च २०१२ ही तारीखही द्यावी, ही विनंती.

आपला,
एक शेतकरी वाचक, जि. सांगली