तो मित्रासाठी धावला, पण त्याआधी तो लीड्सचा कॅप्टन होता

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पेपरच्या खेळाच्या पानावर केविन सिनफिल्डचा फोटो आणि खाली चार ओळी वाचल्या. आजारी मित्राला व्हीलचेअरवरून उचलून मॅरेथॉनची फिनिश लाइन पार करतोय तो फोटो. छापलात ते फार चांगलं केलंत. पण ओळख काय दिलीत, तर 'इंग्लंडचे माजी रग्बीपटू', बास, एवढंच. आम्ही मूळचे इचलकरंजीचे, आता बरीच वर्षं लीड्समध्ये आहोत, आणि या गावात त्या माणसाला कोणी असं दोन शब्दांत उरकत नाही, म्हणून लिहायला बसले.

आधी खेळाचं सांगते कारण घोळ तिथेच होतो. रग्बी दोन आहेत, युनियन आणि लीग. २०२५ मध्ये मुंबईत रग्बी प्रीमियर लीग झाली तिच्या नावात लीग असलं तरी ते युनियनमधलं सात जणांचं रग्बी. सिनफिल्ड खेळला ते रग्बी लीग, एका टीमचे तेरा जण, आणि हा खेळ मुळात उत्तर इंग्लंडच्या खाणी आणि गिरण्यांतल्या कामगारांचा. शनिवारी मॅच खेळायची तर कामावर खाडा पडायचा, पगार कट व्हायचा, क्लब म्हणाले आम्ही तो भरून देतो, तर रग्बीचा कारभार चालवणारे लंडनवाले म्हणाले नाही, हा हौशी खेळ आहे, पैसे द्यायचे नाहीत. शेवटी २९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडचे क्लब जमले आणि वेगळे झाले, तीच पुढे रग्बी लीग. इचलकरंजीच्या माणसाला यात समजावून सांगण्यासारखं काही नाही.

सिनफिल्ड फॉरवर्ड होता, तर आता फॉरवर्ड म्हणजे काय ते: मधल्या पट्ट्यात उभं राहून मार खाणारा गडी. लीगमध्ये बॉल हातात असलेल्या टीमला सहा टॅकल मिळतात, म्हणजे सहा वेळा पकडले गेलात की बॉल गेला. पकडणं कबड्डीसारखंच, दोघं-तिघं मिळून लोळवायचं, फक्त इथे समोरचा शंभर किलोचा माणूस फुल स्पीडने अंगावर येत असतो. लोळवलं की लगेच उठायचं, मागे पळत जाऊन लाइन धरायची, परत पुढे येऊन पुढच्याला लोळवायचं, ऐंशी मिनिटं हेच. फॉरवर्ड एका मॅचमध्ये तीस-चाळीस टॅकल सहज करतो आणि टीव्हीच्या हायलाइट्समध्ये त्यातला एकही दिसत नाही, तिथे ट्राय करणारा, म्हणजे समोरच्यांच्या लाइनीपलीकडे बॉल टेकवून पॉइंट घेणारा, कडेचा विंगर दिसतो. माझा मुलगा इथल्या लोकल क्लबात फॉरवर्डच खेळतो. मॅच संपवून गाडीत बसतो तेव्हा कान सोललेले, कोपरावरची जुनी खपली निघालेली, दातात चिखल, आणि स्कोअरशीटवर नाव कुठेच नाही. तो कामाचा कसा होता हे फक्त त्याच्या शेजारी उभं राहून खेळलेल्या पोरांना माहीत असतं.

सिनफिल्ड तेरा नंबरचा, लूज फॉरवर्ड. पुढेपुढे स्टँड-ऑफला, म्हणजे डाव रचणाऱ्याच्या जागीही खेळला, पण नाव झालं ते तेरा नंबरावरच. जन्म १९८० चा, ओल्डहॅमचा. १९९७ मध्ये सोळाव्या वर्षी लीड्सकडून पहिली मॅच खेळला आणि लीग खेळला तोवर दुसऱ्या कुठल्या क्लबात गेला नाही. २००३ मध्ये कॅप्टन झाला तेव्हा वय अवघं बावीस, आणि तेव्हा लीड्स म्हणजे पैसा, ग्राउंड, पब्लिक सगळं असून चॅम्पियनशिप न जिंकणारा क्लब, १९७२ नंतर एकदाही नाही. २००४ च्या ग्रँड फायनलला, म्हणजे चॅम्पियन ठरवणाऱ्या मॅचला, ब्रॅडफर्डला १६-८ ने हरवलं तेव्हा बत्तीस वर्षांनी ते घडलं. मग २००७, २००८, २००९, २०११, २०१२, २०१५. एकूण सात ग्रँड फायनल, सातही त्याच्या कॅप्टनशिपखाली. त्यात २०११ आणि २०१२ ला टीम टेबलात पाचवी होती, तिथून वर येऊन जिंकली. गोलकिकही (ट्रायनंतर बॉल खांबांच्या मधून मारायचा, त्याचे दोन पॉइंट) तोच मारायचा त्यामुळे करिअरचे चार हजारांवर पॉइंट, रिटायर झाला तेव्हा ब्रिटिश लीगच्या इतिहासात पुढे फक्त नील फॉक्स आणि जिम सलिव्हन.

पण मला त्याच्या हरण्याबद्दल जास्त सांगायचंय. चॅलेंज कप म्हणजे इथली जुनी, मानाची नॉकआउट स्पर्धा, फायनल वेम्ब्लीला. २०१० ला वॉरिंग्टनकडून हरले, २०११ ला विगनकडून, २०१२ ला परत वॉरिंग्टनकडून. लागोपाठ तीन वर्षं, कॅप्टन तोच. पेपरवाले विचारायला लागले की हा माणूस कप उचलणार तरी कधी. २०१३ च्या वर्ल्ड कपला तो इंग्लंडचा कॅप्टन, सेमीफायनल वेम्ब्लीलाच, न्यूझीलंडविरुद्ध, जिंकत आलेली मॅच, आणि अगदी शेवटी शॉन जॉन्सनने ट्राय केला आणि वरची किकही त्यानेच घातली, २०-१८, संपलं. अशा वेळी कॅप्टन तोंड लपवत नाही, कॅमेऱ्यासमोर उभं राहून उत्तरं द्यायला त्यालाच लागतं, आणि हा दर वेळी उभा राहिला. शेवटी २०१४ ला कॅसलफर्डला २३-१० ने हरवून तो कप आला. २०१५ ला परत आला, फायनलला हल केआरला ५०-० ने हरवून.

त्याच २०१५ ची ग्रँड फायनल ही त्याची लीड्सकडून शेवटची मॅच. ओल्ड ट्रॅफर्डला ७३,५१२ माणसं, समोर विगन. सेकंड हाफमध्ये विगन पुढे गेलेलं, जॉश वॉल्टर्स नावाच्या तरुण फॉरवर्डने ट्राय करून २०-२० बरोबरी केली. आता किक सिनफिल्डची. अठरा वर्षांच्या करिअरचा शेवट त्या एका किकवर येऊन थांबलेला. आमच्या घरात कोणी हलेना. गेली बरोबर मधून, २२-२०, आणि तोच फायनल स्कोअर. त्या एका वर्षात लीग लीडर्स शील्ड (टेबलात पहिलं येणाऱ्याला मिळते ती), कप आणि ग्रँड फायनल तिन्ही. वर्षाअखेरीस बीबीसीच्या स्पोर्ट्स पर्सनॅलिटीच्या मतदानात तो अँडी मरेच्या खालोखाल दुसरा आला, लीगच्या खेळाडूसाठी ही केवढी मोठी गोष्ट आहे ते इथे राहिल्याशिवाय कळत नाही.

एक गोष्ट मात्र मला खटकते आणि तीही लिहायला हवी. २०१२ च्या ग्रँड फायनलला पहिल्या हाफमध्ये टक्कर लागून तो बेशुद्धच झाला होता, तरी उठून खेळत राहिला आणि मॅन ऑफ द मॅचची हॅरी संडरलंड ट्रॉफी घेतली. लोक अजून कौतुकाने सांगतात. मला ते कौतुक पटत नाही, डोक्याला मार लागलेल्या माणसाला बाहेर काढायलाच पाहिजे होतं. आता त्याबाबतचे नियम कडक झालेत आणि ते योग्यच आहे, माझं पोरगं तोच खेळ खेळतं.

आता तुम्ही छापलेल्या फोटोकडे येते. तो मित्र म्हणजे रॉब बरो, लीड्सचाच, सात नंबरचा, उंची जेमतेम पाच फूट पाच इंच, सगळ्या लीगमध्ये सगळ्यात बुटका. टीव्हीवर तो दिसायचा, पळायचा, वाकून टॅकलखालून निसटायचा, २०११ च्या ग्रँड फायनलचा त्याचा ट्राय इथली शाळकरी पोरंही सांगतात. आणि तो पळू शकायचा कारण मधल्या पट्ट्यात सिनफिल्ड, जेमी पीकॉक असे फॉरवर्ड मार खात उभे असायचे. २०१९ च्या डिसेंबरात बरोला मोटर न्यूरॉन डिसीज निघाला, हळूहळू हातपाय, मग बोलणं, सगळं बंद करणारा आजार. वर्षभरात, डिसेंबर २०२० मध्ये, सिनफिल्डने सात दिवसांत सात मॅरेथॉन मारल्या, सात का तर रॉबचा नंबर सात. ठरवले होते ७७,७७७ पाउंड, जमले सत्तावीस लाखांच्या वर. मग २०२१ ला लेस्टर ते लीड्स १०१ मैल चोवीस तासांत, २०२२ ला एडिंबरापासून ओल्ड ट्रॅफर्डपर्यंत सात दिवस अल्ट्रा मॅरेथॉन, पुढेही चालूच. मे २०२३ ला लीड्स मॅरेथॉनमध्ये अख्खे २६ मैल रॉबची खुर्ची ढकलत आणली, लाइनच्या अलीकडे थांबवली, वाकून त्याला दोन्ही हातांत उचललं, पार नेलं आणि गालावर पापी घेतली. तोच तुमचा फोटो. फिनिश हेडिंग्लेच्या रग्बी ग्राउंडवर होती. हो, तेच हेडिंग्ले, २००२ ला द्रविड, सचिन आणि गांगुली तिघांनी सेंचुरी मारून आपण टेस्ट जिंकलो ते, क्रिकेटचं आणि रग्बीचं ग्राउंड एकमेकांना चिकटून आहे, मधला स्टँड दोघांचा कॉमन. रॉब २ जून २०२४ ला गेला, ४१ वर्षांचा होता. दुसऱ्याच दिवशी त्याच्या नावाच्या एमएनडी (मोटर न्यूरॉन डिसीज) सेंटरच्या कामाचा पहिला फावडा लीड्समध्ये मारला, घरच्यांची इच्छा होती की कार्यक्रम पुढे ढकलू नका.

हे सगळं वाचून लोक म्हणतात काय देवमाणूस. असेल. पण इथले जुने प्रेक्षक तसं म्हणत नाहीत, ते म्हणतात केव्ह (केविनला इथे असंच म्हणतात) तर पहिल्यापासून हेच करत आलाय. पडायचं, उठायचं, मागे जायचं, परत लाइनीत उभं राहायचं आणि शेजारच्या पोराच्या वाटणीचा टॅकलही आपणच करायचा. ते धावणं समजून घ्यायचं तर हे करिअर माहीत पाहिजे. पुढे तो कोचिंगला युनियनमध्ये गेला, लेस्टर टायगर्स आणि मग इंग्लंडची टीम, तुमच्या बातमीत नुसतं 'रग्बीपटू' आलं ते बहुतेक त्या घोळामुळेच असेल.

तेव्हा विनंती अशी की रविवारच्या पुरवणीत या माणसाच्या खेळावर अर्धं पान द्या. धावण्यावर नको, ते सगळीकडे येतंच, खेळावर. फोटो टाकाल तर तेरा नंबरच्या जर्सीतला, चिखलातला टाका. आणि सात ट्रॉफ्यांची यादी देताना २०१०, २०११ आणि २०१२ च्या वेम्ब्लीच्या तीन फायनली जागा नाही म्हणून गाळू नका.

आपली नेहमीची वाचक,
लीड्स (मूळ गाव इचलकरंजी)