तांबट आळीतले ठोके

मा. संपादक, स.न.वि.वि.

आमची इमारत कसबा पेठेत, तांबट आळीच्या अगदी पाठीला. गेल्या रविवारी सोसायटीच्या सभेत ठराव आला की तांब्याच्या ठोक्यांचा त्रास होतो, पोलिसांत तक्रार करू. मी सही केली नाही. का, ते सांगताना घसा दाटून आला, म्हणून हे पत्र.

पेशवाईपासून तांबट इथे भांडी घडवतात. मी १९७९ साली लग्न होऊन या पेठेत आले, ती हे ठोके ऐकतच.

अनेकांना वाटतं, ठोके नक्षीसाठी असतात. तसं नाही. तापवलेलं तांबं इतकं मऊ असतं की भांडं घडलं तरी हाताने दाबलं की पोचा यावा. म्हणून ते मठारावं, म्हणजे हातोडीने ठोकून कडक करावं लागतं. आमचं सासूबाईंच्या वेळचं घंगाळ मठारायला दिलं, तेव्हा मी तासभर तिथेच बसले. डाव्या हाताने घंगाळ किंचित फिरवायचं, उजव्या हाताने ठोका. एक ठोका, एक चकाकता ठिपका. त्याला खेटून दुसरा. तळापासून काठापर्यंत अशा रांगा. पत्रा कडक होत जातो तसा आवाज बदलतो, आणि कारागिराला तो कानाने कळतो. आवाज बंद करा म्हणणं म्हणजे काम बंद करा म्हणणं आहे.

साच्यात दाबून ठिपके उठवलेली भांडीही 'हाताची' म्हणून विकतात. सुनेने तसा पाण्याचा जग मागवला. एकदा हातातून पडला नि चेपला.

गीझर आले, बंब गेले. स्टील आलं, हंडे-कळशा गेल्या. तरी ही माणसं हटली नाहीत. जग, पेले, दिवे घडवू लागली. त्यांना आता आपण शेजाऱ्यांनीच उठवायचं?

सभेच्या दुसऱ्या दिवशी मी आळीत गेले. म्हटलं, "खालच्या मजल्यावर तान्हं बाळ आहे, दुपारी जरा थांबता येईल का?" म्हातारे कारागीर हातोडी खाली ठेवून म्हणाले, "वहिनी, आधी सांगायचंत की!" तेव्हापासून एक ते तीन ठोके बंद असतात.

येत्या रविवारी ठराव पुन्हा येणार आहे. माझ्या शेजाऱ्यांना हात जोडून विनंती, सही करण्याआधी एकदा खाली उतरून आळीत जाऊन या. लहान मुलांनाही न्या.

– एक रहिवासी, कसबा पेठ, पुणे