निदानाचा संकेतांक रुग्णालाही दाखवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या हिवाळ्यात नाशिकमधील एका रुग्णालयात माझ्या यजमानांच्या कंबरेच्या मणक्यावर शस्त्रक्रिया झाली. शस्त्रक्रिया उत्तम झाली आणि त्याबद्दल आम्ही डॉक्टरांचे ऋणी आहोत. परंतु पुढचे अडीच महिने विम्याच्या दाव्यापायी आम्हाला जो मनस्ताप झाला, त्याचे मूळ अर्जातल्या एका चुकीच्या संकेतांकात, म्हणजे आजारासाठी लिहायच्या ठरावीक अक्षर-आकड्यात होते. ही वेळ इतरांवर येऊ नये, म्हणून हे पत्र लिहीत आहे.

शस्त्रक्रियेआधी माझे यजमान रविवार कारंजावरून रामकुंडाकडे निघाले की दोन-तीनशे पावलांतच त्यांच्या पोटऱ्या भरून यायच्या, पायांना मुंग्या यायच्या आणि पाय पुढे पडेनासा व्हायचा. एखाद्या दुकानाच्या पायरीवर पुढे वाकून बसले की थोड्या वेळात बरे वाटायचे. मात्र भाजी आणायला जाताना सायकल हातात धरून, हँडलवर भार टाकून ते बरेच अंतर विनासायास चालत. हे ऐकताच डॉक्टरांनी ओळखले, की दुखणे नुसत्या कंबरेचे नाही. मज्जारज्जू कंबरेच्या वरच्या मणक्यांपाशीच संपते आणि तिच्याखाली नसांचा जुडगा घोड्याच्या शेपटीसारखा उतरत जातो. वयानुसार मणक्यांचे सांधे व अस्थिबंध जाड होऊन आणि गादी फुगून, या नसा ज्यातून जातात ती मणक्याची नळी अरुंद होते व नसा दबतात. पुढे वाकले की नळीत थोडी जागा होते, म्हणून आराम पडतो. एमआरआयमध्ये कंबरेच्या चौथ्या व पाचव्या मणक्यांच्या दरम्यान नळी अरुंद झाल्याचे स्पष्ट दिसत होते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत मणक्याची नळी अरुंद होण्यासाठी ‘एम ४८.०’ हा संकेतांक असून, जागा कंबरेची असल्यास पुढे सहाचा आकडा लागून तो ‘एम ४८.०६’ होतो. विम्याच्या दाव्याच्या अर्जाचा दुसरा भाग रुग्णालय भरते आणि त्यात मुख्य निदान, जोडनिदान व सहव्याधी यांच्या संकेतांकांसाठी रकाने असतात. आमच्या अर्जात मुख्य निदानापुढे ‘एम ५४.५’, म्हणजे साधी कंबरदुखी, असे लिहिले गेले. डिस्चार्ज कार्डावर पहिल्या ओळीत ‘कंबरदुखी’ आणि खाली शस्त्रक्रियेचा तपशील होता. अर्ज भरणाऱ्या कर्मचाऱ्याने पहिली ओळ पाहून आकडा टाकला असणार. त्या कर्मचाऱ्याला मी दोष देत नाही. दिवसभर काउंटरवर बिले, ठेव पावत्या आणि नातेवाइकांची गर्दी सांभाळताना त्याने एमआरआयचा अहवाल उघडून वाचावा, अशी अपेक्षा कोणी केलीच नव्हती.

विमा कंपनीकडून उत्तर आले, की कंबरदुखीवर शस्त्रक्रिया का करावी लागली याचा खुलासा करावा. मुदत ठेव मोडून आम्ही बिल भरले होते. मग रुग्णालयाच्या चकरा सुरू झाल्या. डॉक्टरांनी लक्षणे, एमआरआय आणि शस्त्रक्रियेचे कारण लिहून दिले, संकेतांक दुरुस्त झाला, त्यानंतर दावा मंजूर झाला. त्याच कागदांत ‘पाच वर्षांपासून कंबरदुखी’ असाही शेरा होता. चालताना पाय भरून येण्याचा त्रास मात्र आठ महिन्यांचाच होता. आधीपासूनच्या आजारांसाठी पॉलिसीत प्रतीक्षाकाल असतो, म्हणजे तेवढा काळ त्यांचा खर्च मिळत नाही (२०२४ पासून त्याची कमाल मर्यादा ३६ महिने आहे), त्यामुळे असा सैल शेरा किती महागात पडू शकतो हे वेगळे सांगायला नको. सोयीचा संकेतांक मिळावा, असे माझे मुळीच म्हणणे नाही. जे झाले आहे तेच, नेमके लिहिले जावे.

नेमकेपणा किती असू शकतो, हे याच वर्गीकरणाच्या अमेरिकेतील आवृत्तीवरून कळते. तिथे १ ऑक्टोबर २०१७ पासून कंबरेच्या या आजाराचे दोन भाग केले आहेत : चालताना नसा दबून पाय भरून येण्याचा त्रास नसल्यास ‘एम ४८.०६१’, आणि तो असल्यास ‘एम ४८.०६२’. आपल्याकडे हा शेवटचा आकडा लागत नसला, तरी डॉक्टरांनी तो भेद शब्दांत लिहिणे आवश्यक आहे, कारण शस्त्रक्रियेचा निर्णय बहुधा त्यावरच ठरतो. शिवाय १ जानेवारी २०२२ पासून लागू झालेल्या अकराव्या आवृत्तीत याच आजाराला ‘एफए ८२’ हा अगदी वेगळा संकेतांक आहे. आपली रुग्णालये तिच्याकडे वळतील तेव्हा जुने आकडे पाठ असणाऱ्यांचीही गफलत होऊ शकते.

निफाड-दिंडोरीच्या द्राक्षबागांत वर्षानुवर्षे राबलेले आणि सातपूर-अंबडच्या कारखान्यांत उमेदीची वर्षे घालवलेले कितीतरी लोक आता साठी ओलांडून मणक्याच्या तक्रारी घेऊन नाशिकच्या रुग्णालयांत येतात. त्यांच्यापैकी कितीजण इंग्रजी अर्जातला आकडा पडताळून पाहू शकतील? माझे यजमान बँकेत नोकरीला होते, तरी आमच्याही ध्यानात आले नाही. म्हणून रुग्णालयांना माझी विनंती आहे, की दाव्याचा अर्ज पाठवण्यापूर्वी निदान मराठीत लिहून, त्यापुढे संकेतांक टाकून तो रुग्णाला किंवा नातेवाइकाला दाखवावा आणि संकेतांकावर उपचार करणाऱ्या डॉक्टरांची सही घ्यावी. महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ तर आपल्या म्हसरूळलाच आहे. दावे भरणाऱ्या कर्मचाऱ्यांसाठी विद्यापीठाने दोन-चार दिवसांचे प्रशिक्षण आखले, तर जिल्ह्यातील लहान रुग्णालयांचीही सोय होईल.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका,
इंदिरानगर, नाशिक