अण्णांचे प्रश्न जसेच्या तसे विचारल्याबद्दल

प्रिय ताई,

स. न. वि. वि.

तुमचं नाव कुठे लिहायचं नाही असं तुम्ही बजावलं होतं, म्हणून नुसतं ताई. माझ्या आईवडिलांना एक दिवस गुरांच्या मळ्यावर नेऊन तुम्ही दुभाषाचं काम केलंत, त्याचे फोनवर आभार मानायला गेलं की तुम्ही "अहो, त्यात काय एवढं" म्हणून विषय बदलता. तेव्हा आता चारचौघांत लिहितो, म्हणजे तुम्हाला मध्येच तोडता येणार नाही. शिवाय इथे अर्जेंटिनात, ब्युनोस आयरेसला आईवडील यायचे असले की आपल्यातली मंडळी हटकून विचारतात, त्यांना एक दिवस गाऊचो, म्हणजे इथले घोडेस्वार गुराखी, बघायला न्यायचं तर कुठे आणि कसं. म्हणून तुम्हाला पाठ असलेल्या बऱ्याच गोष्टी खाली पुन्हा येतील. त्या त्यांच्यासाठी.

अण्णांना, म्हणजे माझ्या वडिलांना, शहराचा कंटाळा आला होता. रुंद रस्ते, पुतळे, टँगो सगळं बघून झालं आणि एका सकाळी चहा पिताना ते म्हणाले, "हिथं जनावरं कुठं बघाय मिळत्यात?" मी लगेच एका दिवसाच्या सहली शोधायला बसलो. सगळीकडे साधारण एकच साचा: अकराच्या सुमाराला एस्तान्सियावर, म्हणजे गुरांच्या मोठ्या मळ्यावर, पोचायचं, करंजीसारख्या एम्पानादा खायच्या, घोड्यावर किंवा सुल्की नावाच्या घोडागाडीत बसून एक फेरी, दुपारी आसादो, म्हणजे विस्तवावर भाजलेलं मांस, मग गाणी आणि नाच, मग घोडेस्वारांची कसरत, संध्याकाळी परत. तुम्हाला विचारलं तर तुम्ही उलट मलाच विचारलंत, "अण्णा काय करायचे?" मी म्हटलं, माणदेशात कोरडवाहू शेती, दावणीला कायम खिल्लार. "मग त्यांना आधी काम दाखवू. कसरत नंतर बघतील," असं म्हणून तुम्ही ओळखीच्या एस्तान्सियावर फोन केलात आणि बाकीचे पाहुणे यायच्या कितीतरी आधी आम्हाला आत घ्यायला लावलंत. हे काही कुठल्या तिकिटात येत नाही.

त्याच फोनवर जेवणाचंही बोलून घेतलंत. आई माळकरी. अण्णा कोंबडी-मटण खातात, पण गाईच्या मांसाला हात लावणार नाहीत. आणि आपण निघालो होतो ते गाईच्या मांसासाठीच जगभर ओळखल्या जाणाऱ्या मुलखात. मला वाटलं होतं, आईला सॅलड दिलं की झालं. तुम्ही मात्र एकेक गोष्ट खोदून विचारत होतात: एम्पानादाच्या पिठात गाईची चरबी घालता का, तोर्ता फ्रिता कशात तळता, भाज्यांसाठी जाळी वेगळी ठेवाल का. दोन्हींत चरबी असते हे मला इथे राहूनही माहीत नव्हतं. शेवटी आईच्या पानात आली ती निखाऱ्यात पुरून भाजलेली रताळी आणि कांदे, आणि वेगळ्या जाळीवरच्या ढोबळ्या मिरच्या. रताळं सोलताना आई म्हणाली, "हे तर एकादशीलाही चालेल." अण्णांना कोंबडी. आसादोबद्दल मी फार लिहीत नाही. लोखंडी क्रुसावर ताणलेल्या बरगड्या विस्तवाच्या कडेला तासन्‌तास तिरक्या उभ्या असतात आणि त्यांना मिठाशिवाय फारसं काही लावत नाहीत, एवढं बघितलं. ज्यांना खायचं आहे ते खाऊन सांगतील.

माते या पानांच्या कडू पेयाचंही तसंच. एकच भोपळा, एकच नळी, सगळ्यांच्या तोंडून फिरणार. आईसाठी उष्ट्याचा प्रश्न येणार हे तुम्ही आधीच ओळखलं होतंत आणि तिच्यासाठी वेगळा भोपळा आणि वेगळी बोंबिया, म्हणजे ती नळी, पिशवीत घालून आणली होतीत. ती कडू चव तिला मुळीच आवडली नाही, पण घेतला तिने, आणि कुणाचा मानही दुखावला नाही.

आपण गेलो ते गाव सान आन्तोनियो दे आरेको, ब्युनोस आयरेसपासून सुमारे 110 किलोमीटरवर. शहरातल्या रेतीरो स्थानकाहून बसनेही जाता येतं, हे चौकशी करणाऱ्यांसाठी. आपण पोचलो तेव्हा दंव वाळायचं होतं आणि मांगेत, म्हणजे त्या लाकडी फळ्यांच्या चिंचोळ्या वाटेत, वासरं एकामागे एक उभी होती. लाळ्या-खुरकूतची लस चालली होती. अण्णा तिथेच खिळले. पुढचा अर्धा दिवस मी आणि आई त्यांच्या खिजगणतीत नव्हतो.

मांगेच्या तोंडाशी फळी वर-खाली करणारे ते म्हातारे गाऊचो. डोक्यावर बोइना टोपी, ढगळ बोंबाचा विजार, पायांत आल्पार्गाता जोडे, कमरेला मागच्या बाजूला आडवा खोचलेला सुरा. तुम्ही ओळख करून दिलीत आणि अण्णांनी प्रश्नांची सरबत्ती सुरू केली. पहिलाच प्रश्न: "ह्ये सगळं कामाचं, का पावण्यांना दाखवायचं?"

मी असतो तर हा प्रश्न गिळला असता, निदान थोडा गोड तरी करून विचारला असता. तुम्ही जसाच्या तसा विचारलात. म्हातारबा हसले आणि म्हणाले, दुपारपर्यंत कामाचं, दुपारनंतर दाखवायचं, घोडी मात्र तीच. तिथून दोघांची गट्टी जमली.

मग घोडी आली. एकाच्या ताब्यातला तो सगळा जथा, त्रोपिया, आणि पुढे गळ्यात घंटा बांधलेली घोडी, माद्रिना. बाकीचे घोडे त्या घंटेच्या आवाजामागे चालतात, म्हणून उघड्या माळावर रात्री एका घोडीला अडकवून ठेवलं की जथा पांगत नाही. हे घोडे क्रियोयो जातीचे, बुटके, जाड मानेचे. अण्णांना ते भीमथडीच्या तट्टांच्या नात्यातले वाटले. तेव्हा तुम्ही चिफेली नावाच्या स्विस शिक्षकाची गोष्ट सांगितलीत. मांचा आणि गातो हे दोन क्रियोयो घेऊन तो 1925 मध्ये ब्युनोस आयरेसहून निघाला आणि 1928 मध्ये न्यूयॉर्कला पोचला. निघताना दोन्ही घोडे किमान पंधरा वर्षांचे होते, आणि आता लुहानच्या संग्रहालयात त्यांना पेंढा भरून उभं केलं आहे. अण्णांनी ती गोष्ट पुन्हा सांगायला लावली. गावाकडे फोन केला तरी आता हीच गोष्ट असते, फक्त दर वेळी अंतर थोडं वाढतं.

खोगिराचा प्रसंग तर मला तपशीलवार लिहायचाच आहे. अण्णांना रेकादो आतून बघायचा होता. म्हातारबांनी घोडा कुंपणाला बांधला आणि एकेक थर उतरवून गवतावर मांडला. सगळ्यात वर मेंढीचं लांब केसांचं कातडं, त्यावरून आवळलेला पट्टा. त्याखाली कच्च्या चामड्याचा रुंद तंग. मग आत गच्च भरलेल्या दोन लांबट चामडी वळकट्या, ज्यांवर खरं वजन येतं. त्याखाली कडक चामड्याचा मोठा तुकडा, आणि घोड्याच्या पाठीला लागून घामाने ओली झालेली लोकरीची घडी. अण्णांनी ती घडी उचलून हुंगली, उलटी केली, घोड्याच्या पाठीवर कुठे केस गेलेत का ते बोटांनी चाचपून बघितलं. म्हातारबा मान डोलवत होते. मग त्यांनी तेच थर वेगळ्या क्रमाने जमिनीवर अंथरले. चामडं खाली, त्यावर लोकर, त्यावर मेंढीचं कातडं, वळकट्या उशाला, अंगावर पोंचो. जुने गाऊचो माळावर असेच झोपायचे. अण्णा म्हणाले, "ह्ये खोगीर कुठलं, बिऱ्हाडच हाय की." हे वाक्य स्पॅनिशमध्ये कसं सांगितलंत कोण जाणे, पण म्हातारबांनी मांडीवर थाप मारली.

आणि नंतरचं ते बोलणं. मला आभार मुख्यतः त्याचेच मानायचे आहेत.

कुरणात काळी अँगस जनावरं चरत होती. अण्णांनी विचारलं, "ह्यांना नावं ठिवत्यात का न्हाई?" म्हातारबा म्हणाले, घोड्यांना ठेवतो, यांना नाही. अण्णा गप्प झाले. मला वाटलं, आता विषय बदलावा. पण म्हातारबांनीच उलट विचारलं, "तुमच्याकडे बैल म्हातारा झाला की त्याचं काय करता?"

तुम्ही क्षणभर माझ्याकडे बघितलंत आणि मग अण्णांना तो प्रश्न सरळ मराठीत विचारलात. अण्णांनी उत्तरही सरळ दिलं. पूर्वी बाजारात न्यायचो, कोण घेतो हे फार विचारायचो नाही. 2015 पासून कायद्याने बैलही कापता येत नाही, त्यामुळे गिऱ्हाईक नाही. दुष्काळात वैरण माणसालाच परवडत नाही तिथे म्हातारा बैल कसा पोसायचा? आणि सोडून तरी कसा द्यायचा? माझ्या वडिलांना हे बोलताना मी कधी ऐकलं नव्हतं. घरी हा विषय निघाला की ते उठून गोठ्यात जातात. म्हातारबा बराच वेळ ऐकत होते, मग इतकंच म्हणाले की माझा पहिला घोडा मी विकला नाही, इथेच पुरला. दोघांपैकी कुणीही कुणाला शहाणपण शिकवलं नाही, आणि तुम्हीही मध्ये स्वतःचं एक वाक्य घातलं नाहीत. दोन भाषा येणारे पुष्कळ असतात ताई, पण अशा वेळी स्वतःचं तोंड मिटून दुसऱ्याचं बोलणं पोचवणारं माणूस मी तरी दुसरं बघितलेलं नाही.

पगार किती, हेही अण्णांनी विचारलंच. तुम्ही तेही विचारलंत. आकडा इथे लिहीत नाही. जमीन स्वतःची का, याला उत्तर आलं, "नुंका", कधीच नव्हती. त्यामागचं सगळं तुम्ही नंतर आरेको नदीवरच्या 1857 च्या जुन्या पुलाशी बसून समजावलंत. आधी माळावर मोकाट वाढलेली गुरं, चामडं आणि चरबीसाठी त्यांची शिकार, आणि कुणाचाच चाकर नसलेला घोडेस्वार. मग 1815 चं फर्मान: ज्याच्याकडे मालमत्ता नाही त्याने मालकाच्या सहीचा कागद बाळगायचा, नाहीतर तो भटक्या ठरून थेट सैन्यात. 1845 मध्ये न्यूटन नावाच्या इंग्रजाने कुंपणाची पहिली तार ओढली आणि पुढच्या काही दशकांत माळ तुकड्यातुकड्यांत बंद झाला. 1876 मध्ये थंड केलेलं मांस वाहणारं जहाज फ्रान्सहून आलं, तशी गुरांची आणि जमिनीची किंमत चढली. ज्याला आधी कागदाशिवाय फिरू दिलं नाही, त्याचाच पुढे राष्ट्राने उत्सव केला. गाऊचोवर 'मार्तिन फिएर्रो' हे काव्य लिहिणाऱ्या होसे एर्नांदेसच्या जन्मदिवसाला, 10 नोव्हेंबरला, परंपरेचा दिवस म्हणतात आणि आरेकोत त्या सुमाराला मोठी जत्रा भरते, ती यातूनच. अण्णांना यात काहीच नवल वाटलं नाही.

गुइराल्देसच्या नावाचं गाऊचो संग्रहालय आपण धावतच बघितलं. पण या लेखकाने तरुणपणी भारताचा प्रवास केला होता आणि तो गेल्यावर त्याची पत्नी आदेलिना कित्येक वर्षं बंगळूरला राहिली, हे तुम्ही आईला सांगितलंत तेव्हा तिचा चेहरा उजळला. नाच मला बेताचाच वाटला, तुम्हालाही वाटला असावा, कारण तुम्ही डुलक्या काढत होतात.

सोर्तिखा मात्र खरी. कमानीला अंगठीएवढी कडी टांगलेली आणि स्वार भरधाव घोड्यावर रिकिबीत उभा राहून पेन्सिलीएवढ्या काडीने ती उचलतो. तो तरणा पोरगा आधी चुकला, मग साधलं. रीत अशी, की कडी एखाद्या बाईला द्यायची आणि गालावर पापी घ्यायची. तो नेमका आईसमोर येऊन थांबला. मला घाम फुटला. तुम्ही त्याला हळूच काहीतरी म्हणालात, त्याने टोपी काढली, मान झुकवली आणि कडी आईच्या तळहातावर ठेवली. आईने बटव्यातून खडीसाखर काढून त्याच्या हातावर घातली. त्याने ती तिथेच तोंडात टाकली. तुम्ही त्याला काय सांगितलं होतंत ते अजून कळलेलं नाही. भेटलात की सांगा.

आईअण्णा सुखरूप पोचले. मार्गशीर्षात पुसेगावची यात्रा असते, बैलांचा मोठा बाजार भरतो. त्या सुमारास तुम्ही पुण्यात असणार असं म्हणाला होतात, तर अण्णांचं आमंत्रण पक्कं समजा. तिथे प्रश्न तुम्ही विचारायचे आणि उत्तरं ते देणार, असं त्यांनीच कळवलंय. अण्णांनी गावी घायपाताचा एक कासराही वळून ठेवलाय, म्हातारबांसाठी. तो परत येताना तुम्हालाच आणावा लागेल.

आईने जाण्याआधी कोर्दोबाच्या शेंगदाण्यांची चटणी कुटून तुमच्यासाठी डबा भरून ठेवला होता. तो अजून माझ्याच फ्रीजमध्ये आहे आणि रोज थोडा थोडा कमी होतोय. शनिवारी आणून देतो. किती वाजता घरी असाल ते कळवा.

आपला,
सहाव्या मजल्यावरचा शेजारी