खाऱ्या हवेवर ढकललेली वॉरंटी: हँडहेल्ड गेम कन्सोलबाबत तक्रार

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहक सेवा विभाग

विषय: कन्सोलसोबत दिलेलं १२८ जीबीचं मेमरी कार्ड बनावट असल्याबाबत आणि समुद्रकिनारी वापराचं कारण देऊन वॉरंटी नाकारल्याबाबत.

महोदय/महोदया,

आपल्या कंपनीचा, जुन्या गेमयंत्रांचे गेम चालवणारा हँडहेल्ड गेम कन्सोल मी आपल्याच वेबसाइटवरून मागवला. बिल आणि ऑर्डर क्रमांक सोबत जोडला आहे. कन्सोलसोबत आलेल्या कार्डावरचे बहुतेक गेम सुरूच होत नाहीत, अशी तक्रार मी ग्राहक सेवेकडे केली, तेव्हा पुढील उत्तर आलं: ‘समुद्रकिनारी वापर झाल्याने खाऱ्या हवेमुळे कार्ड व स्लॉट खराब झालेले दिसतात, म्हणून वॉरंटी लागू नाही.’ कन्सोल आपल्यापैकी कुणीही हातात घेतलेला नाही. मी फक्त कार्डाचा फोटो पाठवला होता. पत्त्यात मिरकरवाडा, रत्नागिरी एवढं वाचून आपल्याला ही खारी हवा दिसली असणार.

आता गंमत अशी की खाऱ्या हवेवरच माझं पोट चालतं. मिरकरवाडा बंदराजवळ माझं दुरुस्तीचं दुकान आहे. ट्रॉलरवरचे फिश फाइंडर, जीपीएस, व्हीएचएफ वायरलेस सेट माझ्याकडे येतात. त्यामुळे मीठ काय करतं हे मला आपल्या ग्राहक सेवेने शिकवण्याची गरज नाही, पण मी त्यांना थोडं सांगू शकतो. अँटेनाच्या कनेक्टरमध्ये तांब्यावर हिरवा थर चढतो, मधली पिन काळी पडते आणि वायरलेसवर तांडेलाचा आवाज खरखरायला लागतो. फिश फाइंडरच्या प्लगात पांढरी पूड साचते. बोर्डावर मीठ आणि ओल एकत्र आली, त्यातून करंट गेला, की बारीक ट्रॅक खाल्ले जातात. आणि हा बिघाड कायम धरसोड करतो. प्लग दाबून धरला की चालतं, सोडला की बंद. उन्हात वाळवला की दोन दिवस बरा, झड लागली की पुन्हा तेच.

आपल्या कार्डात यातलं काहीएक नाही. त्याच्या पट्ट्यांवर सोन्याचा मुलामा आहे आणि भिंगाखाली त्या लखलखीत दिसतात. आतली माहिती साठवणारी चिप आणि तिचा कारभार पाहणारा कंट्रोलर प्लास्टिकमध्ये एकसंध बंद आहेत, तिथे हवा जायला वाट नाही. महत्त्वाचं म्हणजे हे कार्ड धरसोड करतच नाही. जे गेम चालतात ते दरवेळी चालतात, जे चालत नाहीत ते कधीच नाहीत. गेमबॉय ॲडव्हान्सच्या फोल्डरमध्ये ए पासून एम अक्षरापर्यंतचे गेम व्यवस्थित सुरू होतात. एन पासून पुढे काळा पडदा. त्यानंतरचे प्लेस्टेशन आणि पीएसपी (सोनीचा हातात धरून खेळायचा जुना कन्सोल) यांचे फोल्डर तर सगळेच गेलेले. गंजाला एबीसीडी येत नाही, साहेब.

मग अक्षरांच्या क्रमाने काय बिघडतं? ज्या क्रमाने कार्डात भरलं गेलं त्या क्रमाने. बनावट कार्डाच्या कंट्रोलरला खोटं बोलायला शिकवलेलं असतं. आत चिप ८ जीबीची, पण संगणकाने विचारलं तर उत्तर १२८. भरणारा भरत जातो, कार्ड सगळं घेतल्यासारखं दाखवतं, आणि खरी जागा संपली की पुढचं सगळं हवेत. नावांची यादी बहुतांशी कार्डाच्या सुरुवातीच्या भागात असते, म्हणून मेनूत हजारो गेम दिसत राहतात. उघडायला गेलं की आत काही नाही.

हा अंदाज नाही. आधी मी कार्डाची जशीच्या तशी पूर्ण इमेज, म्हणजे नक्कल, लॅपटॉपवर उतरवून घेतली, म्हणजे नंतर ‘तुम्ही फॉरमॅट केलंत’ असं म्हणायला जागा राहू नये. त्या इमेजमध्ये साधारण साडेसात जीबीपर्यंत माहिती आहे आणि तिथून शेवटपर्यंत निव्वळ शून्यं. मग कार्ड रिकामं करून एचटूटेस्टडब्ल्यू या मोफत प्रोग्रॅमने रात्रभर तपासलं. तो कार्डभर ठरावीक माहिती लिहितो आणि तीच परत वाचून पडताळतो. १२८ जीबीचं कार्ड विंडोजमध्ये ११९ च्या आसपास दिसतं, ते मोजण्याच्या पद्धतीमुळे, त्याबद्दल तक्रार नाही. पण त्या ११९ पैकी साडेसातच्या आसपास शाबूत निघाले आणि उरलेले सगळे हरवलेले. निकालाचा स्क्रीनशॉट सोबत आहे. पीएसपीच्या एका यूएमडी डिस्कवर १.८ जीबीपर्यंत माहिती मावते. म्हणजे आपल्या ‘१०,००० गेम’वाल्या कार्डात भरगच्च डिस्क चारच बसतील.

खरा मनस्ताप सेव्हचा झाला. माझा पुतण्या रात्री गेम सेव्ह करायचा, ‘सेव्ह झालं’ असं कन्सोल सांगायचा, आणि सकाळी सगळं पहिल्यापासून. कन्सोल चालू असेपर्यंत सेव्ह रॅममध्ये, म्हणजे तात्पुरत्या मेमरीत, राहतं म्हणून दिसतं. बंद करून लावला की कार्डात शोधाशोध होते, आणि कार्डात ते कधी गेलेलंच नसतं. त्याची आई त्यालाच बोलायची, की घाईने बंद करत असशील. कार्ड खोटं बोलतंय हे घरात कुणाच्या डोक्यात येणार?

आता स्लॉटबद्दल. रत्नागिरीत बाजारात जाऊन मी ६४ जीबीचं चांगल्या कंपनीचं कार्ड आणलं, आधी त्याच प्रोग्रॅमने तपासलं, आणि त्याच कन्सोलच्या त्याच स्लॉटमध्ये घातलं. सगळं चालतं. तोच स्लॉट, तीच हवा, तोच मी.

या कार्डावर मी माझे पीएसपीचे गेम टाकले. माझ्याकडे खराखुरा पीएसपी होता. त्याची बॅटरी फुगली आणि पुढे डिस्क वाचणारी लेन्सही गेली, पण यूएमडी डिस्क कपाटात आहेत आणि लेन्स जाण्याआधी त्यांच्या आयएसओ फाइली, म्हणजे डिस्कच्या पूर्ण नकला, मी त्याच पीएसपीतून यूएसबीने काढून ठेवल्या होत्या. हा कन्सोल घेतला तो त्यासाठीच. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, बोटी किनाऱ्यावर ओढलेल्या असतात, दुकानात गर्दी कमी, आणि बाहेर असा पाऊस की दार उघडवत नाही. जुने गेम पुन्हा खेळायला याहून चांगले दिवस नाहीत.

गेम बसवताना आपल्या ग्राहक सेवेने जी मदत केली तिची नोंद इथे करणं भाग आहे. मला सांगण्यात आलं, की पीएसपीचे गेम चालत नाहीत कारण ‘बायोस फाइल’ (मूळ यंत्राच्या अंतर्गत सॉफ्टवेअरची फाइल) नाही, ती इंटरनेटवरून शोधून टाका. आपल्या कन्सोलमध्ये पीएसपीसाठी पीपीएसएसपीपी हा एम्युलेटर, म्हणजे दुसऱ्या यंत्राची नक्कल करून त्याचे गेम चालवणारा प्रोग्रॅम, आहे. तो २०१२ पासून सर्वांना मोफत मिळतो आणि त्याला बायोस लागतच नाही. पीएसपीच्या अंतर्गत सॉफ्टवेअरचं काम तो स्वतःच करून घेतो. आयएसओ किंवा सीएसओ (तिचंच दाबून लहान केलेलं रूप) फाइल योग्य फोल्डरमध्ये ठेवली, यादी ताजी केली, की गेम दिसतो. बायोसचा प्रश्न पहिल्या प्लेस्टेशनच्या काही एम्युलेटरांना येतो. आपण ज्या सॉफ्टवेअरच्या जोरावर माल विकता, त्याची एवढी तोंडओळख तरी आपल्या माणसांना करून द्यावी. हा एम्युलेटर जीपीएल या मुक्त सॉफ्टवेअरच्या परवान्याखाली आहे, त्या परवान्याची प्रत किंवा सोर्स कोड कुठे मिळेल याची ओळ मला ना खोक्यात सापडली, ना कन्सोलच्या मेनूत.

माझ्या कार्डावर सगळं चालतं हे कळवल्यावर आपला सूर बदलला. ‘अनधिकृत गेम टाकल्यामुळेही वॉरंटी रद्द होऊ शकते’ असं लेखी आलं. माझ्या कार्डावरचे गेम मी पैसे देऊन घेतलेल्या डिस्कवरचे आहेत. आपल्या कार्डावर जे हजारो गेम भरून, जाहिरात करून विकले गेले, त्यांची परवानगी कुणाकडून घेतली? हा प्रश्न मी आजवर विचारला नव्हता. विषय आपण काढलात.

दोन लहान गोष्टी थोडक्यात. दोन्हीकडे टाइप-सी असलेल्या केबलने कन्सोल चार्ज होत नाही, फक्त जुन्या चौकोनी टोकाच्या केबलने होतो. पोर्टच्या सीसी पिनांवर (समोर काय जोडलंय हे यांच्यावरून ओळखलं जातं) ५.१ किलोओहमचे दोन रेझिस्टर न लावल्याचं हे ठरलेलं लक्षण आहे. ते लावायला रुपयाही लागत नाही, आणि हेही मिठाचं काम नव्हे. दुसरं, ‘पीएसपी गेम फुल स्पीड’ या जाहिरातीबद्दल. एम्युलेटरमध्ये फ्रेमस्किपिंग आधीच चालू करून ठेवलेलं होतं. त्यामुळे वेग १०० टक्के दिसतो, पण मधली चित्रं गाळलेली असतात. ते बंद केल्यावर हलके गेम छान चालतात, जड गेम अडखळतात. या किमतीत जड गेम अडखळणार हे मला मान्य आहे, आणि स्क्रीन ४:३ असल्याने पीएसपीच्या चित्राला वर-खाली काळे पट्टे येतात, तेही आपण आधी लिहिलेलं होतं. कन्सोलची बटणं तर खरोखर चांगली आहेत. म्हणूनच एवढं लिहितो आहे, नाहीतर वस्तू भंगारात टाकून मोकळा झालो असतो.

माझ्या मागण्या अशा. वॉरंटी नाकारणारं उत्तर लेखी मागे घ्यावं. १२८ जीबीचं अस्सल कार्ड द्यावं, रिकामं चालेल, किंबहुना रिकामंच द्यावं. ते जमत नसेल तर कन्सोल आपल्या खर्चाने परत नेऊन पूर्ण रक्कम द्यावी. चार्जिंगचा दोष दुरुस्त करावा किंवा वेबसाइटवर तो स्पष्ट लिहावा. आणि पिन कोड पाहून खाऱ्या हवेचं कारण देणं थांबवावं. डहाणूपासून वेंगुर्ल्यापर्यंत आपली गिऱ्हाइकं असतील. किनाऱ्यावर वॉरंटी चालत नसेल, तर तसं पैसे घेण्याआधी सांगायला हवं होतं.

ग्राहक संरक्षण (ई-कॉमर्स) नियम, २०२० प्रमाणे तक्रारीची पोच ४८ तासांत आणि निवारण एका महिन्यात व्हायला हवं. तसं झालं नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर कळवून पुढे रत्नागिरीच्या जिल्हा ग्राहक आयोगात जाईन. २०१९ च्या कायद्याने ग्राहक राहतो तिथेच तक्रार करता येते आणि पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही. आपल्या वकिलांना मात्र इथवर यावं लागेल.

मूळ कार्ड माझ्याकडे सीलबंद ठेवलं आहे. ते कुरियरने पाठवणार नाही. आपल्या माणसाने दुकानात यावं, त्याच्यासमोर पुन्हा चाचणी करून दाखवीन आणि पोच घेऊन कार्ड देईन. ऑगस्ट लागला की बोटींची कामं सुरू होतात, तेव्हा त्याआधी यावं.

सोबत: बिल, आपल्या उत्तरांच्या प्रती, चाचणीचा स्क्रीनशॉट, भिंगाखाली काढलेला कार्डाचा फोटो.

आपला,
एक ग्राहक
मिरकरवाडा, रत्नागिरी