"यात तुझे संगीत कुठे होते?"

मुंबई

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, मागच्या महिन्यात मिरजेला आपण माझा नवा चित्रपट एकत्र पाहिला, तेव्हा नामावली संपल्यावर तुम्ही विचारलेत, "यात तुझे संगीत कुठे होते?" मी हसण्यावारी नेले, परंतु प्रश्न रास्त होता, म्हणून सविस्तर लिहिते आहे.

त्या 94 मिनिटांत माझे पार्श्वसंगीत अवघे 17 मिनिटे आहे. संकलन चालू असताना दिग्दर्शकाने दुसऱ्याच चित्रपटांतले तुकडे तात्पुरते लावून ठेवले होते (आम्ही त्याला टेम्प ट्रॅक म्हणतो), आणि महिनाभर तेच ऐकून त्याचा कान त्यांना सरावला होता. मग आम्ही दोन दिवस चित्रपट थांबवत थांबवत पाहिला आणि संगीत कुठे सुरू व्हावे, कुठे थांबावे यावर भांडलो. म्हातारी ओसरीवर हुलगे पाखडत बसते, त्या प्रसंगावर व्हायोलिने होती. ती काढायला लावून मी तिथे सुपाची सळसळ तेवढी राहू दिली. ते काढणे हेही मी माझेच काम समजते.

शेवटच्या प्रसंगातली घरघर तुम्हाला पंख्याची वाटली ना? तो आपल्या घरचा तंबोरा आहे. जवारीवरचा (ज्या घोडीवर तारा टेकतात तिच्यावरचा) दोरा किंचित सरकवून, खर्जाची एकच तार मी माइक अगदी जवळ ठेवून ध्वनिमुद्रित केली.

आई, तुला काळजी पैशांची आहे. स्वतंत्र चित्रपटात ठोक रक्कम ठरते आणि वादक, स्टुडिओ, मिक्सिंग हे सारे तिच्यातूनच भागवायचे असते, त्यामुळे या वेळी एक सारंगीवादक आणि माझी खोली एवढ्यावरच निभावले. 'पथेर पांचाली'चे संगीत पंडित रविशंकरांनी एका रात्रीत ध्वनिमुद्रित केले, हे तूच मला सांगितले होतेस. त्यांच्याकडे वेळ नव्हता, आमच्याकडे पैसे नसतात. गेल्या वर्षी एका निर्मात्याने शेवटचा हप्ता बुडवला, हेही आता सांगून टाकते.

मात्र एक गोष्ट माझ्या बाजूची आहे. कॉपीराइट कायद्यातील 2012 च्या दुरुस्तीनुसार, चित्रपटगृहातील प्रदर्शन वगळता, दूरचित्रवाणीसारख्या इतर वापरांच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा समान वाटा करारात तसे लिहून दिले तरी सोडता येत नाही. तो कायदेशीर वारसांना किंवा रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या कॉपीराइट सोसायटीलाच देता येतो. तरीही करारांत "सर्व हक्क कायमचे" असे सर्रास लिहिलेले असते, आणि पूर्वी मी न वाचताच सह्या केल्या.

बाबा, तुम्ही बँकेत तीस वर्षे कर्जाची कागदपत्रे तपासलीत. नव्या चित्रपटाचा करार सोबत पाठवते आहे; त्यातले सातवे कलम नीट वाचून, कुठे खोड काढता येईल तिथे पेन्सिलीने खूण करून ठेवा. मी रविवारी येते आहे. त्याशिवाय सही करणार नाही.

तुमची,
मनू